वीस हजारांचा कोर्स घेण्याआधी विद्यापीठाचा जुना सिलॅबस वाचा



मेहकर, चिखली, मलकापूर, नांदुरा, कुठूनही फोन आला तरी प्रश्न साधारण एकच असतो. "सर, डाळ मिल टाकायची आहे. ऑनलाइन कोर्स आहे, अठरा हजार फी आहे. घेऊ का?" कोणाला बेकरीचा कोर्स घ्यायचा असतो, कोणाला मसाल्याचा, कोणाला शिवणकामाचा. मी उलट विचारतो, "त्या कोर्सचा सिलॅबस पाहिला का?" मग थोडा वेळ शांतता. आणि उत्तर येतं, "सिलॅबस नाही दिला सर, पण सर्टिफिकेट देतात."

या विषयावर माझं मत स्पष्ट आहे. ज्या विषयात तुम्ही पैसा घालणार आहात, त्या विषयाचा सरकारी विद्यापीठाचा किंवा आयटीआयचा सिलॅबस आधी वाचा. तो फुकट आहे. नवा वाचा, आणि जुनाही शोधून वाचा. त्यानंतरच कोणाला फी द्यायची ते ठरवा. हा नियम माझ्या स्वतःच्या बॅचलाही लागू आहे.

व्हिडिओत हे दोन मिनिटांत सांगून झालं. इथे नीट सविस्तर बघू.

सिलॅबसमध्ये असतं काय?

बऱ्याच जणांना वाटतं, सिलॅबस म्हणजे परीक्षेची भानगड. पास व्हायचं नाही तर तो कशाला वाचायचा? पण जरा विचार करा. त्या विषयात वीस-तीस वर्षं घालवलेली माणसं एकत्र बसतात आणि ठरवतात, की या कामातल्या माणसाला किमान एवढं आलंच पाहिजे, आणि ते याच क्रमाने आलं पाहिजे. हे सगळं चार-पाच पानांत लिहिलेलं असतं. खाली पुस्तकांची यादी, बाजूला प्रात्यक्षिकांची यादी.

सिलॅबस म्हणजे ज्ञान नाही, ती ज्ञानाची यादी आहे. किराण्याची यादी वाचून पोट भरत नाही, पण यादी न घेता बाजारात गेलं की काय होतं तेही आपल्याला माहीत आहे. नको ते घरी येतं आणि मीठ राहून जातं. धंद्यात हे राहून गेलेलं मीठ फार महाग पडतं.

आयटीआयचा सिलॅबस तर मला सगळ्यात कामाचा वाटतो. केंद्र सरकारच्या भारत स्किल्स या पोर्टलवर वेल्डर, इलेक्ट्रिशियन, बेकर अँड कन्फेक्शनर, सुइंग टेक्नॉलॉजी अशा ट्रेडचे अभ्यासक्रम आहेत. त्यांच्या शेवटी एक यादी असते: एका तुकडीसाठी कोणती हत्यारं, कोणती यंत्रं, कोणत्या मापाची, किती नग. बेकरी टाकणाऱ्याने ही यादी छापून घ्यावी आणि दुकानदाराचं कोटेशन तिच्या शेजारी ठेवावं. तुम्हाला वीस विद्यार्थ्यांची तुकडी शिकवायची नाही, त्यामुळे नग कमी लागतील. पण कोणती वस्तू कोटेशनमध्ये उगाच घुसली आहे आणि कोणती गरजेची राहिली आहे, हे दहा मिनिटांत कळतं.

नवा असताना जुना कशाला?

आता मुख्य मुद्दा. २०२४-२५ पासून आपल्या राज्यातल्या संलग्न महाविद्यालयांमध्ये नव्या शैक्षणिक धोरणाप्रमाणे अभ्यासक्रम बदलले. पॉलिटेक्निकचं बघा. तंत्रशिक्षण मंडळाची आय-स्कीम २०१७ मध्ये आली आणि २०२३ पासून के-स्कीम सुरू झाली. म्हणजे प्रत्येक विषयाचे निदान दोन-तीन सिलॅबस कुठे ना कुठे पडलेले आहेत. लोक जुन्याला रद्दी समजतात. मी म्हणतो, जुना आणि नवा शेजारी ठेवा आणि तीन याद्या करा.

पहिली यादी: जे दोन्हीत आहे. हा त्या विषयाचा पाया. दहा वर्षांत कोणी तो काढायची हिंमत केली नाही, म्हणजे तो लागतोच. हे आधी शिका.

दुसरी यादी: जे जुन्यात होतं, नव्यात नाही. इथे शोध घ्या. कायदा बदलला म्हणून गेलं? यंत्र बदललं म्हणून गेलं? की नुसते तास कमी पडले म्हणून गेलं? तास कमी पडले म्हणून गेलेली गोष्ट तुमच्या धंद्यात लागू शकते.

तिसरी यादी: जे नव्यात आलं. बाजार कुठे चालला आहे ते इथे दिसतं. डिजिटल पेमेंट, पॅकेजिंगचे नियम, ऑनलाइन विक्री असे विषय इथे सापडतील.

नुसता नवा सिलॅबस वाचून या तीन याद्या होत नाहीत. जुन्याची किंमत इथे आहे.

शोधायचं कुठे?

आपल्या बुलडाणा जिल्ह्यातली कला, वाणिज्य, विज्ञान महाविद्यालयं संत गाडगे बाबा अमरावती विद्यापीठाखाली येतात. हे विद्यापीठ १ मे १९८३ ला सुरू झालं. अमरावती, अकोला, यवतमाळ, बुलडाणा आणि वाशीम हे पाच जिल्हे त्याचे. त्याआधी आपली कॉलेजं नागपूर विद्यापीठाखाली होती. म्हणून घरात काकांचं किंवा आजोबांचं बी.कॉम. १९८३ च्या आधीचं असेल, तर त्यांचा अभ्यासक्रम नागपूरच्या नावाने शोधावा लागेल. शेतीशी जोडलेला विषय असेल तर अकोल्याचं डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठ, स्थापना १९६९.

आता पायऱ्या सांगतो.

१. शब्द बरोबर वापरा. अमरावती विद्यापीठात अभ्यासक्रमाच्या छापील पुस्तिकेला वर्षानुवर्षं "प्रॉस्पेक्टस" म्हणत आलेत, मराठीत "अभ्यासक्रमिका". बाहेर प्रॉस्पेक्टस म्हणजे ॲडमिशनचं माहितीपत्रक, म्हणून लोक ती फाइल उघडतच नाहीत. गुगलवर विद्यापीठाचं नाव, विषयाचं नाव, "सिलॅबस" आणि "प्रॉस्पेक्टस" हे दोन्ही शब्द आणि वर्ष, असं इंग्रजीत टाका. शेवटी "फाइलटाइप", कोलन आणि "पीडीएफ" हे इंग्रजीत, मध्ये जागा न सोडता लिहिलं तर फक्त पीडीएफ फाइली समोर येतात.

२. विद्यापीठाच्या साइटवरून गेली असेल तर कॉलेजच्या साइटवर बघा. नॅकच्या मूल्यांकनासाठी कॉलेजांना अभ्यासक्रमाची कागदपत्रं द्यावी लागतात, म्हणून बरेच सिलॅबस कॉलेजच्या नॅक विभागात पडलेले असतात. तिथे विद्यार्थी सहसा जात नाहीत, तुम्ही जा.

३. लिंक मेली असेल तर वेबॅक मशीन वापरा. इंटरनेट आर्काइव्ह ही ना-नफा संस्था १९९६ पासून वेबसाइटच्या जुन्या प्रती साठवते, आणि २००१ पासून वेबॅक मशीनवर त्या कोणालाही बघता येतात. बंद पडलेली लिंक तिथे पेस्ट करा. वर्षांची पट्टी येते, हवं ते वर्ष निवडा. प्रत्येक पान सापडेलच असं नाही, पण पाच मिनिटांचं काम आहे. आणि आज सापडलेलं चांगलं पान तुम्हीही तिथे साठवून ठेवू शकता. सरकारी साइट नव्याने बनली की जुन्या लिंक तुटतात, त्यामुळे सापडलेली फाइल आपल्या फोनमध्ये आणि मेलमध्ये लगेच ठेवा.

४. लायब्ररीत जा. खामगाव, बुलडाणा, चिखली, मलकापूर, जवळच्या कॉलेजच्या ग्रंथपालांना भेटा. "सर, मला धंदा सुरू करायचा आहे, जुन्या अभ्यासक्रमिका आणि जुन्या प्रश्नपत्रिका बघायच्या आहेत," असं सरळ सांगा. प्रश्नपत्रिका मुद्दाम मागा. पाच वर्षांत चार वेळा आलेला प्रश्न म्हणजे त्या विषयाचा कणा.

५. सिलॅबस मिळाला की शिकायचं साहित्यही फुकट आहे. इग्नूची पुस्तकं ई-ज्ञानकोशवर आहेत. आपल्या यशवंतराव चव्हाण मुक्त विद्यापीठाची मराठी पुस्तकं आहेत. एनपीटीईएल आणि स्वयंवर प्राध्यापकांचे व्हिडिओ आहेत. सिलॅबसमधला एक-एक शब्द घेऊन तिथे शोधा. नुसतं यूट्यूबवर "डाळ मिल बिझनेस" शोधलं की लाखोंच्या कमाईचे थंबनेल येतात. "पल्स मिलिंग" शोधलं की शिकवणारा माणूस येतो. हा फरक सिलॅबसमधल्या शब्दाने पडतो.

एक उदाहरण: मेहकर तालुक्यातली डाळ मिल

समजा, मेहकर तालुक्यातल्या एका ताईला बचत गटातर्फे मिनी डाळ मिल टाकायची आहे. तूर आपल्याकडे घरोघरी आहे. अकोल्याच्या कृषी विद्यापीठाने विकसित केलेली पीकेव्ही मिनी दाल मिल बऱ्याच जणांनी पाहिली असेल. मशीन ठरलं, आता सिलॅबस कोणता?

पहिला, कृषी अभियांत्रिकीचा. त्यात "पोस्ट-हार्वेस्ट इंजिनिअरिंग ऑफ सीरियल्स, पल्सेस अँड ऑइल सीड्स" नावाचा विषय असतो. नाव बघून घाबरू नका. आत काय आहे? धान्य साफ करणं, प्रतवारी, ओलावा मोजणं, वाळवणं, साल काढणं, डाळ भरडण्याची कोरडी आणि ओली पद्धत, म्हैसूरच्या सीएफटीआरआय संस्थेची पद्धत, पंतनगरची पद्धत. आता याच ओळींचे प्रश्न करा आणि मशीन विकणाऱ्याला विचारा:

तुरीत ओलावा किती असला तर तुमचं मशीन नीट चालतं? तो मोजायचा कशाने?
तेल-पाणी लावून किती दिवस वाळवावं लागतं? पावसाळ्यात काय करायचं?
शंभर किलो तुरीतून डाळ किती, तुकडा किती, चुनी किती? माझ्यासमोर माझी तूर घालून दाखवता का?
रोलर किती क्विंटलनंतर बदलायचा? किंमत काय आणि मिळतो कुठे?

विकणारा लगेच ओळखतो, की समोरची बाई वाचून आली आहे. भाव तिथूनच बदलतो.

दुसरा, बी.कॉम.चा कॉस्ट अकाउंटिंगचा सिलॅबस. त्यात एक ओळ असते, "ब्रेक-इव्हन पॉइंट", म्हणजे ना नफा ना तोटा होण्याची पातळी. आकडे समजण्यापुरते घेऊ. भरडाई क्विंटलला ४०० रुपये धरली. वीज, मजुरी, तेल असा क्विंटलमागचा खर्च १५० रुपये. उरले २५०. बँकेचा हप्ता, जागेचं भाडं, एक माणूस कायम, असा महिन्याचा बांधील खर्च ३०,००० रुपये. ३०,००० भागिले २५०, म्हणजे महिन्याला १२० क्विंटल भरडले की तोटा नाही. बरं वाटतं ना?

थांबा. हंगामी धंद्याला हे गणित पुरत नाही. फक्त तुरीवर राहिलात आणि काम वर्षातले चारच महिने चाललं, तर हप्ता मात्र बारा महिने आहे. वर्षाचा बांधील खर्च ३,६०,००० रुपये. त्यासाठी १,४४० क्विंटल लागतात, तेही चार महिन्यांत, म्हणजे महिन्याला ३६०. महिन्यात २५ दिवस काम धरलं तर दिवसाला चौदा क्विंटलच्या वर. मशीन तासाला एक क्विंटल काढत असेल तर रोज चौदा-साडेचौदा तास. आपल्याकडे तेवढी सलग वीज असते का? तेवढी तूर गावात येते का?

म्हणजे ताईने मिल टाकूच नये का? तसं नाही. हंगामात मूग, उडीद आणि नंतर हरभराही घेता येईल का, चार गावांचं काम एकत्र करता येईल का, स्वतःची डाळ पॅक करून विकता येईल का, हे कर्जाच्या अर्जावर सही करण्याआधी ठरवायला हवं. सिलॅबसमधल्या एका ओळीने हा प्रश्न आधी समोर आणला. नाहीतर तो सहाव्या हप्त्याला समोर आला असता, बँकेच्या नोटिशीसोबत.

जुन्या सिलॅबसमध्ये शिळं काय असतं?

भाकरी शिळी चालते, कायदा शिळा चालत नाही. जुन्या सिलॅबसमधून या गोष्टी शिकू नका:

कर: जुन्या बी.कॉम.मध्ये व्हॅट, केंद्रीय अबकारी कर, सेवा कर सापडेल. १ जुलै २०१७ पासून जीएसटी आला. त्याचेही दर सप्टेंबर २०२५ मध्ये मोठ्या प्रमाणात बदलले.

अन्न कायदा: जुन्या पुस्तकात १९५४ चा अन्न भेसळ प्रतिबंधक कायदा असेल. आता अन्न सुरक्षा आणि मानके कायदा, २००६ चालतो. परवाना, लेबल, सगळं त्याप्रमाणे.

उद्योगाची व्याख्या: २००६ च्या कायद्यात उत्पादन करणाऱ्या सूक्ष्म उद्योगाची मर्यादा यंत्रसामग्रीत २५ लाख रुपये होती. २०२० मध्ये ती गुंतवणूक १ कोटी आणि उलाढाल ५ कोटी झाली. १ एप्रिल २०२५ पासून गुंतवणूक २.५ कोटी आणि उलाढाल १० कोटी. जुना आकडा प्रकल्प अहवालात लिहिलात तर बँक मॅनेजर पहिल्याच पानावर थांबेल.

किंमती आणि योजना: यंत्राचा भाव, व्याजदर, अनुदान हे नेहमी आजचंच घ्या, जिल्हा उद्योग केंद्रातून किंवा बँकेतून.

पण ओलावा तोच आहे. खेळतं भांडवल, उधारी, साठ्याचा हिशोब, मालाची प्रत हेही तेच आहे. कच्चा माल रोखीने घ्यायचा आणि पक्का माल उधारीवर द्यायचा, हे दुखणं जुन्या अभ्यासक्रमातही "वर्किंग कॅपिटल" नावाने होतं आणि आजही आहे.

एक शिस्तीची गोष्ट. वाचणं, स्वतःसाठी नोट्स काढणं यात अडचण नाही. पण जुन्या अभ्यासक्रमिकेची पानं छापून, स्वतःचं नाव टाकून क्लासमध्ये विकू नका. त्यावर हक्क विद्यापीठाचा आहे. पुस्तकांच्या चोरीच्या पीडीएफही नकोत. लायब्ररी आहे ना.

"सर, सिलॅबस वाचून कुठं धंदा होते का?"

हा प्रश्न येणार, आणि रास्त आहे. शेगावच्या कचोरीला कोणत्या विद्यापीठाचा सिलॅबस होता? हाताची चव, स्टेशनवरची गर्दी आणि वर्षानुवर्षं सांभाळलेलं गिऱ्हाईक, एवढ्यावर ते नाव झालं. सिलॅबस तुम्हाला हाताला चव देणार नाही. खामगावच्या बाजारात कोणता व्यापारी वेळेवर पैसे देतो, हे सांगणार नाही. उधारी मागायला जायचं धाडस देणार नाही. हे सगळं उभं राहून, चार माणसांत फिरूनच येतं.

आणखी एक बोलतात, "डिग्रीवालेच नोकऱ्या शोधत फिरतायत, त्यांना नाही जमलं तर आम्हाला काय जमेल?" फरक आहे दादा. त्यांनी सिलॅबस मार्कांसाठी वाचला, तुम्ही तो तुमच्या दोन लाखांसाठी वाचणार आहात. स्वतःचा पैसा अडकला की माणूस प्रत्येक ओळ वेगळ्या डोळ्याने वाचतो.

तिसरी अडचण खरी आहे: इंग्रजी. सिलॅबस बहुतेक इंग्रजीत असतो. फोनमधलं भाषांतर साठ-सत्तर टक्के काम करतं, पण तांत्रिक शब्दांचा कधीकधी पार चुथडा करतं. त्यावर माझा उपाय साधा आहे. तुमच्या गावात बी.कॉम., बी.एस्सी. किंवा ॲग्री झालेली, स्पर्धा परीक्षेची तयारी करणारी एखादी पुतणी, भाची, शेजारची पोरगी आहेच. तिच्याकडे दोन तास बसा. तिच्या वेळेचे पैसे द्या, फुकट मागू नका. अठरा हजारांच्या कोर्सपेक्षा ते नक्कीच स्वस्त पडेल. आणि कोणी सांगावं, उद्या तुमचा हिशोबही तीच सांभाळेल.

मग कोर्स घ्यायचाच नाही का?

घ्या की. चांगला शिकवणारा, प्रत्यक्ष मशीनवर हात बसवून देणारा, अडल्यावर फोन उचलणारा माणूस फीच्या पैशांना भारी असतो. आधी आरसेटी आणि कृषी विज्ञान केंद्राच्या प्रशिक्षणाची चौकशी करा. आरसेटीचं निवासी प्रशिक्षण तर मोफत असतं. त्यानंतर खासगी कोर्सकडे वळा, आणि त्याला तीन गोष्टी मागा: लेखी सिलॅबस, प्रात्यक्षिकांची यादी आणि प्रत्येक विषयाला किती तास. तो सिलॅबस विद्यापीठाच्या किंवा आयटीआयच्या सिलॅबसशेजारी ठेवा. अर्ध्याहून जास्त तास "माइंडसेट" आणि "मोटिव्हेशन"चे असतील, तर समजून जा. मोटिव्हेशन गजानन महाराजांच्या दर्शनाला जाऊन फुकट मिळतं, त्याला अठरा हजार कशाला?

लेखी सिलॅबस द्यायला जो टाळाटाळ करतो, त्याच्याकडे द्यायला सिलॅबसच नाही असं खुशाल समजा.

या आठवड्याचं काम

एक वही घ्या. तुमच्या धंद्याचा एक विषय निवडा. त्याचा एक जुना आणि एक नवा सिलॅबस शोधा. तीन याद्या करा: दोन्हीत असलेलं, जुन्यातून गेलेलं, नव्यात आलेलं. पहिल्या यादीतल्या ज्या ओळी तुम्हाला अजिबात कळल्या नाहीत, त्यांच्यापुढे लाल खूण करा.

या लाल खुणा मोजा. तुमच्या धंद्यातला तुम्हाला न दिसलेला धोका साधारण तेवढा आहे. दहा असतील तर सध्या अॅडव्हान्स देऊ नका, आधी त्या दहा खुणा कमी करा. दोनच राहिल्या की मग बँकेची पायरी चढा.

पुढच्या व्हिडिओत आयटीआयच्या हत्यारांच्या यादीवरून बेकरीचं कोटेशन कसं तपासायचं ते दाखवतो. तोपर्यंत वही तयार ठेवा.

जय जिजाऊ!